शेवटचा फर्मा

धडक माझीच होती. वाचनालयाच्या मागे एक अरुंद बोळ आहे. तिथून मी खाली मान घालून तरातरा निघाले होते आणि समोरून पुस्तकांचा एक उंच ढीग चालत येत होता. ढिगाखाली दोन पाय आहेत हे दिसेपर्यंत उशीर झाला होता. पुस्तकं धडाधड कोसळली आणि त्यांच्यामागून कपाळावर खळीचा पांढरा ओघळ असलेला एक चेहरा उगवला.

"लागलं का?"

"नाही."

"तुम्हाला नाही हो... पुस्तकांना विचारलं."

एरवी मी हसले असते. पण त्या दिवशी मी रागावलेली होते, आणि मी रागावते तेव्हा आतून घाबरलेली असते हे माझ्या बाबांशिवाय कुणाला कळत नाही. बाबा मला भागूबाईच म्हणतात. भित्री भागूबाई! कुत्रा, लिफ्ट, कडाडणारी वीज, बोलता बोलता चष्मा काढून टेबलावर ठेवणारे डॉक्टर... मला सगळ्याची भीती वाटते. बाबांचं आयुष्य मात्र अग्निशमन दलात गेलं. जळत्या घरात शिरायचं, घरी येऊन आरशात भुवया किती उरल्यात ते बघायचं आणि जेवायला बसायचं, असा तो माणूस.

"इथे बाइंडिंगचं काम कुठे चालतं?" मी विचारलं.

"सध्या जमिनीवर पडलंय." तो पुस्तकं गोळा करत म्हणाला. "मीच बाइंडर. बोला."

मी पिशवीतून जाडजूड कादंबरी काढली आणि त्याच्या नाकासमोर धरली. "हे तुमचं काम?"

त्याने पुस्तक उलटंसुलटं केलं, पाठीवरून अंगठा फिरवला, आणि त्याचा चेहरा उजळला. "माझंच. शिवण बघा ना... कशी घट्ट बसलीय!"

"शिवण घट्ट आहे. आत काय शिवलंय ते वाचा."

"मी वाचत नाही."

"म्हणजे?"

"मी पुस्तकं बांधतो. वाचत बसलो तर बांधणार कोण?"

हे त्याने इतक्या निर्मळपणे सांगितलं की माझा राग क्षणभर जागच्या जागी अडखळला. मग मला घरी वाट बघणारे बाबा आठवले.

"ऐका मग," मी म्हटलं. "किल्ल्याला वेढा पडलाय. धान्य संपलंय, किल्लेदार जखमी होऊन पडलाय. त्याची मुलगी हातात मशाल घेऊन मोठ्या दरवाजाशी उभी आहे. बाहेरून धडका बसतायत. बिजागऱ्या करकरतायत. ती मागे वळून सगळ्यांना म्हणते— आणि पान उलटलं की एक कारकून छत्रीच्या दुकानात शिरतो!"

तो खदाखदा हसायला लागला. मग माझ्याकडे बघून अर्ध्यावरच थांबला.

"आत या," तो म्हणाला. "बसा आधी."

त्याची खोली म्हणजे एक लांबलचक टेबल, दोऱ्याची रिळं, कापडाचे तुकडे आणि खळीचा आंबूस वास. चूक कशी झाली ते त्याने मला एक जुनं पुस्तक उसवून दाखवलं. दुरुस्तीला आलेलं पुस्तक आधी सुटं करायचं. सोळा-सोळा पानांचा एक जुडगा निघतो, त्याला फर्मा म्हणतात. फाटक्या कडा चिकटवायच्या, फर्मे पुन्हा क्रमाने लावायचे आणि शिवायचे. क्रम लावताना तो बघायचा फक्त पानांचे आकडे. माझी कादंबरी टेबलावर होती तेव्हा शेजारी एक कथासंग्रहही उसवलेला होता. एकाच छापखान्यातला, त्याच मापाचा, तोच टाइप.

"आणि पानंही तेवढीच," मी म्हटलं.

"तेवढीच." त्याने कान पकडले. "शेवटचा फर्मा इकडचा तिकडे गेला. आकडा बरोबर होता हो..."

का कोण जाणे, त्या कान पकडण्याने माझा बांध फुटला. परवा बाबांच्या हृदयाचं ऑपरेशन आहे, मी सांगून टाकलं. मागच्या खेपेला ते ऑपरेशनच्या दारापर्यंत जाऊन परत आले. हिरवा अंगरखा घातलेले, तसेच चालत! डॉक्टर म्हणाले, आता पुढे ढकललंत तर... पुढचं ते बोलले नाहीत. त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. आणि आता बाबांनी नवीनच टुमणं लावलं होतं. रोज संध्याकाळी मी त्यांना ही कादंबरी वाचून दाखवते, तर किल्ल्याचं काय झालं हे ऐकल्याशिवाय मी त्या टेबलावर चढणार नाही, म्हणतात. ही कादंबरी माझ्या जन्माआधीपासून छापलेली नाही. दुसरी प्रत कुठेच नाही.

त्याने हातातला दोरा खाली ठेवला. मग उठून ओरडला, "बाई! तो छत्रीवाला कथासंग्रह कुणाकडे गेलाय?"

पुढच्या दालनातून ग्रंथपाल बाईंचा आवाज आला, "डिंक्या, वाचनालयात ओरडू नकोस! मोठ्या बाईंकडे आहे!"

मोठ्या बाई म्हणजे निवृत्त मुख्याध्यापिका. पुस्तक नेलं की ते आपलंच समजणाऱ्या. डिंक्याने हात पुसले आणि टोपी घातली. "चला."

"मीही?"

"मी त्यांचा विद्यार्थी होतो. एकटा गेलो तर त्या मला बाकावर उभा करतील."

रस्ताभर वारा सुटला होता. माझी ओढणी त्याच्या बाहीला अडकत होती आणि दर वेळी तो ती फार जपून सोडवत होता, पुस्तकाचं जीर्ण पान सोडवावं तशी. मोठ्या बाईंच्या इमारतीच्या फाटकात एक दांडगा कुत्रा पसरला होता. माझी पावलं थांबली. तो नुसता माझ्या डाव्या बाजूचा उजव्या बाजूला आला आणि कुत्र्याच्या न् माझ्या मधे चालू लागला. लिफ्टपाशी मी पुन्हा थांबले.

"सहावा मजला आहे," तो म्हणाला.

"तुम्ही जा लिफ्टने. मी येते मागून."

"छे! जिन्यात गप्पा होतात." आणि पहिल्याच मजल्यावर धापा टाकत त्याने विचारलं, "मला सांगा, वाचायला लागायचं ठरवलं तर आधी काय वाचू? असला किल्लाबिल्ला?"

"नको. जुन्या ऐतिहासिक कादंबऱ्यांमधे सुरुवातीला नुसत्या वंशावळी आणि घोड्यांची वर्णनं असतात. तुम्ही तिथेच झोपाल. पण तेवढं सोसलं की मग त्या सोडत नाहीत. जेवताना, आंघोळ करताना घोड्यांच्या टापा ऐकू येतात."

"बाप रे. आणि कथासंग्रह?"

"त्याने सुरुवात करा. गोष्ट चहा उकळेपर्यंत संपते, पण... चहा गार होईपर्यंत आपण नुसते बसून राहतो."

तो कठड्याला टेकून माझ्याकडे बघत राहिला. "तुम्ही सांगितलेलं ऐकायलाच बरं वाटतंय. वाचायचं कशाला?"

मी भराभर पायऱ्या चढायला लागले. छाती धडधडत होती. सहा मजल्यांमुळे असेल, मी स्वतःला बजावलं.

मोठ्या बाईंनी दार उघडलं, आम्हाला बसवलं आणि कथासंग्रहाचं नाव काढताच डोळे मिटले. "काय शेवट आहे! कारकून छत्रीच्या दुकानाच्या दाराशी येतो आणि थेट किल्ला! वेढा! तलवारी! साध्या कारकुनाच्या मनातली लढाई लेखकाने अशी उभी केलीय... मी परवा आमच्या वाचक मंडळात यावर तासभर बोलले."

मी डिंक्याकडे बघितलं. त्याने जमिनीकडे.

"बाई," तो म्हणाला, "ती लढाई मी चुकून शिवली."

मोठ्या बाईंनी चष्मा वर केला, शेवटची पानं चाळली, मग मागची, मग पुन्हा शेवटची. "तरीच," त्या शेवटी म्हणाल्या, "घोडा कुठून आला ते मला कळलं नव्हतं." आणि पुस्तक त्याच्या हातात ठेवून त्यांनी त्याचा कान असा पिळला की मला बघवेना. "मंडळात मी काय तोंड दाखवू आता? जा!"

उतरताना तिसऱ्या मजल्याच्या वळणावर मला राहवलं नाही. खिडकीतून ऊन येत होतं. मी पुस्तक उघडलं आणि सरळ शेवटच्या पानावर गेले. मी नेहमी असंच करते. शेवटी कोण जिवंत राहतं ते आधी बघून घेते, मग धीराने मधलं वाचते. या कादंबरीत मात्र बाबांनी तेवढं करू दिलं नव्हतं.

कुणीच राहिलं नव्हतं. दरवाजा पडला होता. मशाल विझली होती. किल्ला शत्रूच्या ताब्यात गेला होता आणि किल्लेदाराची मुलगी दरवाजाच्या फळ्यांखाली होती.

मी पायरीवरच बसले. "हे मी त्यांना कसं वाचून दाखवू?" मी म्हटलं. "ते म्हणतील, बघ, पडलाच किल्ला. आणि जाणार नाहीत. किंवा जातील आणि..."

तो शेजारी बसला. मग हळूच म्हणाला, "मी फर्मा बदललाच आहे एकदा. तुम्ही शेवट बदला."

त्या दुपारी त्याच्या टेबलावर आम्ही किल्ला वाचवला. तो दोन्ही पुस्तकं उसवून आपापले फर्मे परत जागेवर शिवत होता आणि मी समोर बसून नवा शेवट रचत होते. मदतीला फौज हवी होती.

"मागच्या डोंगरातून आणा," तो दोरा दातात धरून म्हणाला.

"एवढे दिवस कुठे होती म्हणे ती फौज?"

"वाट चुकली होती. होतं असं... आकडे बघून चालली असेल."

मी इतक्या मोठ्याने हसले की पुढून ग्रंथपाल बाई खाकरल्या. "आणि मुलगी?" मी विचारलं. "तिचं काय करू?"

त्याने सुई थांबवली. "तिला जगू द्या हो," तो म्हणाला. त्याचा आवाज एकदम वेगळाच झाला. "तिला कुणीतरी दरवाजापाशी भेटू दे. तिच्याबरोबर उभं राहणारं."

मी खाली बघितलं. त्याची बोटं खळीने पांढरी झाली होती आणि माझ्या बोटांपासून अगदी जवळ होती. दोघांनीही हात हलवला नाही. मला त्या जवळिकीचीही भीती वाटली.

संध्याकाळी बाबा उशांना टेकून बसले होते. ओठ जरा निळसर दिसत होते. मी पुस्तक उघडलं आणि वाचायला, म्हणजे सांगायला सुरुवात केली. मुलगी काय म्हणाली, दरवाजा कसा टिकला, डोंगरातून फौज कशी उतरली, किल्लेदाराने डोळे कसे उघडले... माझा आवाज छान लागला होता. बाबा डोळे मिटून ऐकत होते. फौजेने वेढा फोडला तेव्हा ते म्हणाले,

"भागूबाई."

"काय बाबा?"

"इतक्या वेळात पान एकदाही उलटलं नाहीस."

मी खाली बघितलं. शेवटच्या फर्म्याचं पहिलंच पान अजून उघडं होतं.

"मी ही कादंबरी विशीत वाचलीय," बाबा म्हणाले. "किल्ला पडतो."

"माहीत होतं तुम्हाला? मग कशाला हट्ट धरलात?"

"तू वाचावीस म्हणून. शेवटचं पान आधी बघितलंस ना? तुझी सवय मला माहीत नाही होय! मधली पानं वाच. ती मुलगी सगळ्यांना म्हणते, मागच्या वाटेने निघा, मी दरवाजा धरते. सगळं गाव बाहेर पडतं. म्हातारे, पोरं, गुरं... सगळे. मग दरवाजा पडतो." ते थांबले, त्यांनी दम घेतला. "आम्ही कधी इमारती वाचवायला गेलो नाही गं. इमारती जायच्याच. माणसं बाहेर काढायची, बस्स."

"मग तुम्ही त्या दिवशी परत का आलात?" मी जवळजवळ ओरडलेच. "तुम्ही घाबरलात म्हणून ना?"

"घाबरलो होतोच." बाबांनी माझ्याकडे बघितलं. "पण परत आलो ते तुझा चेहरा बघून. स्ट्रेचरवरून बघितलं, तू दारात उभी होतीस. आगीत अडकलेल्या माणसाचा चेहरा असा असतो. तसा चेहरा दिसल्यावर आम्ही त्या माणसाला कधी एकटं सोडून निघालो नाही. तुझी आई गेल्यापासून मी तेच बघतोय. मला काही झालं तर ह्या पोरीला बाहेर कोण काढणार?"

मी रडले नाही. रडायला हवं होतं, पण आतून काहीतरी घट्ट होत चाललं होतं. मला भीती वाटत होती, खूप, अगदी दातावर दात वाजत होते. पहिल्यांदाच मी ते त्यांच्यापासून लपवलं नाही.

"मला भीती वाटते, बाबा," मी म्हटलं. "परवाही वाटणार. कदाचित पायात बळ राहणार नाही. तरी तुम्ही जा. मी माझी बाहेर पडेन."

"एकटी?"

"नाही..." मी पुस्तकाच्या पाठीवरून अंगठा फिरवला. "एक जण आहे."

"कोण?"

"बाइंडर."

"किल्ल्यात छत्र्या घुसवल्या तो?" बाबा हसायला लागले, छातीवर हात दाबून हसत राहिले. "देवा! आणि मी म्हणत होतो पोरगी शहाणी आहे." मग त्यांनी डोळे पुसले. "वाच आता. पानं उलटत वाच."

मी वाचलं. सगळी सोळा पानं.

ऑपरेशनच्या दिवशी बाबा स्ट्रेचरवर झोपले, माझ्याकडे बघितलं आणि या खेपेला त्यांनी मान वळवली नाही. मीही नाही. दार बंद झालं आणि वरचा लाल दिवा लागला. मग मात्र मी मटकन बाकावर बसले. फिनेलचा वास, कुरकुरत जाणाऱ्या ट्रॉल्या, दर थोड्या वेळाने कुणाच्या तरी नावाचा पुकारा. प्रत्येक पुकाऱ्याला मी त्या दाराकडे बघत होते.

तो कधी आला ते मला कळलं नाही. खळीचा वास आला म्हणून वर बघितलं. त्याने धुतलेला शर्ट घातला होता आणि बटणं एक सोडून एक लावली होती.

"कितीतरी वेळ झाला," मी म्हटलं.

"हं."

"इतका लागतो?"

"मला काय माहीत? मला काही माहीत नाही. मी बसतो फक्त."

तो बसला. दुपार कलली. खिडकीतलं ऊन बाकावरून घसरून जमिनीवर आलं. तो मधेच उठायचा, भिंतीपर्यंत जायचा, परत यायचा. शेवटी मीच त्याला म्हटलं, "बसा ना जरा. तुम्ही कशाला एवढे घाबरलाय?"

"मी वेगळ्याच गोष्टीला घाबरलोय," तो म्हणाला, आणि लगेच कानापर्यंत लाल झाला. "म्हणजे... आता बोलायची ही वेळ नाही. बोलू नये."

"बोला. मला दुसरं काहीतरी ऐकायचंय. काहीही."

"दोन्ही पुस्तकं आता नीट झालीत." तो जमिनीकडे बघत भरभर बोलायला लागला. "बाबा बरे होतील. होणारच. मग तुम्हाला मागच्या बोळात यायला कारण काय? मी चूक तरी किती वेळा करणार? रोज एक पुस्तक बिघडवलं तर बाई मला हाकलतील. काल रात्री झोप नाही लागली मला. मला कधी कशाची भीती वाटली नव्हती हो, खरंच... आणि आता वाटतेय. म्हणून विचारतो. तुम्ही याल का? काही बिघडलेलं नसताना? म्हणजे... कायमच्या?"

माझे ओठ हलले. आवाज फुटायच्या आत वरचा लाल दिवा विझला.

दार उघडलं. सर्जन बाहेर आले, मास्क खाली ओढत. त्यांच्या चेहऱ्यावर काहीच दिसत नव्हतं. एरवी मी खिडकीबाहेर बघितलं असतं, दुसऱ्या कुणाला तरी पुढे केलं असतं. मी उठले. भिंत हलल्यासारखी वाटत होती, पण मी चालत गेले आणि त्यांच्यासमोर उभी राहिले. ते बोलत होते. मी त्यांच्या ओठांकडे बघत होते. सगळं ऐकलं. मान हलवली. आभार मानायचे राहूनच गेले.

वळले तेव्हा माझ्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं आणि काही केल्या थांबत नव्हतं. समोर तो उभा होता. माझा चेहरा बघून त्याचा रंग उडाला. त्याने भिंतीचा आधार घेतला.

"नाही..." तो पुटपुटला. "नाही ना?"

मी त्याच्यापर्यंत गेले आणि त्याचा हात घट्ट धरला.

"मी रडतेय म्हणून घाबरू नकोस," मी म्हटलं. "बरे आहेत ते. सगळं नीट झालंय. आणि... हो."

"हो काय?"

"मगाशी तू जे विचारलंस ना, त्याला हो."

तो माझ्याकडे बघत राहिला. मग हळूहळू बाकावर बसला, दोन्ही हातांनी तोंड झाकलं आणि माझ्यापेक्षाही मोठ्याने हुंदके द्यायला लागला. येणारी-जाणारी माणसं आवाज न करता बाजूने निघून जात होती. एक वयस्कर नर्स पाण्याचा पेला घेऊन आली. तिने त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि मला हलक्या आवाजात विचारलं,

"आत कोण आहे त्यांचं?"

"आत माझे बाबा आहेत. बरे आहेत ते," मी तिच्या हातातून पेला घेत म्हटलं. "आणि यांची मी आहे."